हिशेबाची भीती : ‘रेसिडेंट ईव्हिल’ खेळताना



फौजेत उभं आयुष्य काढलेला माणूस साठी उलटल्यावर हातात कंट्रोलर घेऊन टीव्हीसमोर बसतो आणि झोंबींचे खेळ खेळतो, याचं पुष्कळांना नवल वाटतं. विचारणारे दोन प्रकारचे असतात. काहींना हा निव्वळ पोरखेळ वाटतो. काही म्हणतात, आयुष्यभर बंदूक हाताळलीत, आता तरी सोडा. दोघांनाही उत्तर द्यायचं म्हणून आज मी एकच मालिका घेतली आहे, ‘रेसिडेंट ईव्हिल’. १९९६ पासून ती चालू आहे आणि आजच्या कन्सोलवरही तिचे भाग आवडीने खेळले जातात. ती घाबरवते कशी, नवख्याने ती खेळायची कशी, आणि त्या भीतीचं खऱ्या भीतीशी नातं किती, एवढं आज पाहू.

माझं म्हणणं आधीच सांगतो. या खेळातली भीती राक्षसापेक्षा हिशेबातून जास्त येते. गोळ्या किती, औषध किती, दार किती लांब, आणि परतीची वाट मोकळी आहे का? हा हिशेब जुळत नाही तेव्हा घाम फुटतो. बाकी रक्त, किंकाळ्या, कुजलेले चेहरे ही सजावट. दहा मिनिटांत डोळ्यांना तिची सवय होते. हिशेबाची सवय मात्र शेवटपर्यंत होत नाही.

आता थोडा इतिहास.

जपानमधल्या ओसाका शहरात कॅपकॉम नावाची कंपनी आहे. तिने १९८९ मध्ये ‘स्वीट होम’ नावाचा खेळ काढला होता. झपाटलेला वाडा, आत अडकलेली माणसं, हाताशी मोजक्या वस्तू. त्याच कल्पनेच्या आधाराने पुढे नवा खेळ करायचं ठरलं आणि दिग्दर्शन शिंजी मिकामी यांच्याकडे आलं. २२ मार्च १९९६ रोजी तो खेळ सोनीच्या पहिल्या प्लेस्टेशनवर जपानमध्ये आला. तिथे त्याचं नाव ‘बायोहॅझर्ड’, आणि आजही तिथे तेच आहे. अमेरिकेत नावाच्या नोंदणीची अडचण आली, म्हणून बाहेरच्या जगासाठी ‘रेसिडेंट ईव्हिल’ हे नाव ठरलं.

कथा साधी आहे. अमेरिकेतलं रॅकून सिटी नावाचं काल्पनिक शहर. जवळच्या डोंगरात एक जुना वाडा आणि त्याच्या खाली अंब्रेला नावाच्या औषध कंपनीची गुप्त प्रयोगशाळा. तिथून विषाणू सुटतो आणि माणसं झोंबी होतात. शोधाला गेलेली पोलिसांची खास तुकडी वाड्यात अडकते. ख्रिस रेडफिल्ड किंवा जिल व्हॅलेंटाइन यांपैकी एकाला निवडायचं आणि जिवंत बाहेर काढायचं. ‘सर्व्हायव्हल हॉरर’ हे या प्रकाराचं नाव याच खेळामुळे रूढ झालं. आपल्या मराठीत झोंबी म्हणजे झटापट. गंमत अशी, की या खेळात झोंबीशी झोंबी शक्यतो टाळायचीच असते.

का टाळायची, तर हिशेबासाठी. पहिल्या खेळात ख्रिसजवळ सामान ठेवायला सहा जागा असतात, जिलजवळ आठ. पिस्तूल एका जागेत, गोळ्या दुसऱ्या जागेत, जखमेवरचा औषधी पाला तिसऱ्या. ख्रिसच्या उरल्या तीन. पुढच्या खोलीत दोन किल्ल्या आणि कोड्याचे दोन तुकडे सापडले, की काय टाकायचं? काही खोल्या सुरक्षित असतात. तिथे एक पेटी असते, तिच्यात सामान ठेवायचं. तिथेच एक टाइपरायटर असतो. खेळ जिथवर आला तिथवर नोंदवून ठेवायचा तर त्या टाइपरायटरला शाईची रिबन लागते, आणि रिबनीही मोजक्याच. म्हणजे “इथवर आलो, आता थोडा श्वास घेतो” असं म्हणण्याचीसुद्धा किंमत मोजावी लागते. जपून चालणारा माणूस रिबन वाचवतो आणि मग मेला तर तासाभराची मेहनत वाया. दर वेळी रिबन वापरणाऱ्याची शेवटी अडचण होते.

एक उदाहरण घेऊ. अरुंद बोळ आहे, समोर झोंबी उभा आहे. पिस्तुलात सात गोळ्या. त्याला पाडायला पाच-सहा तरी लागणार. नवा खेळाडू विचार करतो, “मारू की नको?” जुना खेळाडू विचारतो, “या बोळातून मला अजून किती वेळा जायचंय?” एकदाच जायचं असेल तर अंग चोरून निसटायचं, थोडी जखम झाली तरी चालेल. हा जिन्याकडे जायचा मुख्य रस्ता असेल आणि दहा खेपा पडणार असतील, तर आत्ताच गोळ्या खर्च करणं शहाणपणाचं. फौजेत यालाच आम्ही ‘अप्रिसिएशन’ म्हणायचो. उद्देश काय, जमीन कशी, शत्रू किती, आपल्याजवळ काय, वेळ किती, आणि मग कोणता मार्ग. कागदावर दोन पानं भरणारं हे काम हा खेळ तुमच्याकडून दोन सेकंदांत करून घेतो.

२००२ मध्ये पहिला खेळ नव्याने बनवला गेला तेव्हा त्यांनी या हिशेबाला आणखी पीळ दिला. पाडलेल्या झोंबीचं डोकं फुटलं नसेल किंवा प्रेत जाळलं नसेल, तर तो काही वेळाने उठतो, आणि या वेळी तो लाल, चपळ आणि जास्त घातक असतो. जाळायला रॉकेल लागतं आणि तेही मापातच मिळतं. म्हणजे आज मिळवलेला विजय उद्याचं संकट ठरू शकतो. नकाशावर पक्कं लक्षात ठेवावं लागतं, कुठे कोण पडलाय आणि तो जळलाय की नाही.

आता कॅमेऱ्याबद्दल. पहिल्या प्लेस्टेशनची ताकद बेताची होती. खोल्या आधीच चित्र म्हणून तयार करून ठेवलेल्या आणि त्या चित्रांवर पात्रं हलायची, त्यामुळे कॅमेरा एका जागी बांधलेला. तुम्ही बोळात वळता, कॅमेरा तुमच्याकडे तोंड करून असतो, पुढे काय आहे ते दिसत नाही, फक्त घसटत येणारी पावलं ऐकू येतात. प्रत्येक दार उघडताना संपूर्ण काळ्या पडद्यावर ते दार सावकाश उघडताना दिसायचं. खरं कारण असं, की तेवढ्या वेळात यंत्र डिस्कवरून पुढची खोली वाचत असे. पण खेळणाऱ्याच्या छातीत त्या चार सेकंदांत काय व्हायचं ते त्यालाच ठाऊक. अडचणीचं हत्यार करणं यालाच म्हणतात.

दुसरा भाग १९९८ मध्ये आला, तिसरा १९९९ मध्ये. मग २००५ मध्ये चौथ्या भागात मिकामींनीच सगळं बदललं. कॅमेरा नायकाच्या खांद्यामागे आला, स्पेनमधल्या एका खेड्यात झुंडीच्या झुंडी अंगावर येऊ लागल्या. तरी त्यात नेम धरला की पाय जागीच खिळतात, चालता येत नाही, म्हणून तोल टिकला. आतून तो खेळ तुमच्यावर नजरही ठेवतो. तुम्ही सफाईने खेळत असाल तर तो कठीण होतो, मार खात असाल तर गुपचूप हात सैल सोडतो. पुढे पाचवा भाग २००९ मध्ये आणि सहावा २०१२ मध्ये आला. दोन्ही खूप खपले. पण दारूगोळा वाढला, स्फोट वाढले आणि भीती आटली. शिबंदी आणि रसद भरपूर असेल तर किल्ल्यात कोण घाबरतो?

कंपनीनेही ते ओळखलं असावं. जानेवारी २०१७ च्या सातव्या भागात नायक शिपाईही नाही आणि पोलीसही नाही. ईथन विंटर्स नावाचा साधा संगणक अभियंता आहे, हरवलेल्या बायकोला शोधत लुइझियाना राज्यातल्या एका पडक्या घरात जातो. सगळं त्याच्या डोळ्यांतून दिसतं. हात थरथरतात ते त्याचे, म्हणजे तुमचेच. खोल्या पुन्हा अरुंद, गोळ्या पुन्हा मोजक्या. मालिकेला तिचा आत्मा परत मिळाला.

आता आजच्या कन्सोलवर येऊ. नव्याने सुरुवात करणाऱ्याला मी एकच भाग सुचवतो, तो म्हणजे दुसऱ्या भागाची २०१९ मध्ये आलेली नवी आवृत्ती. जून २०२२ मध्ये कंपनीने ती प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स सीरिजसाठी सुधारून दिली. लिऑन केनेडी हा नोकरीच्या पहिल्याच दिवशी शहरात पोहोचलेला पोलीस, आणि क्लेअर रेडफिल्ड ही भावाला शोधायला आलेली मुलगी. दोघंही रॅकून सिटीच्या पोलीस ठाण्यात अडकतात.

नव्या यंत्राने काय दिलं? पहिली गोष्ट, दार आता लगेच उघडतं. थांबणं गेलं. मग ती छातीतली धडधड कुठून आणायची? ती आवाजातून आणली. या भागात एक उंच, हॅट घातलेला माणूस तुमच्या मागे लागतो. खेळाडू त्याला मिस्टर एक्स म्हणतात. त्याला मारता येत नाही. बऱ्याच गोळ्या घातल्या तर तो थोडा वेळ गुडघ्यावर बसतो, इतकंच. तो धावत नाही, चालतो, आणि इमारतभर त्याच्या बुटांचा आवाज घुमतो. हेडफोन लावले तर तो वरच्या मजल्यावर आहे की शेजारच्या खोलीत, डावीकडून येतोय की मागून, हे कानाने कळतं. जुन्या खेळात कॅमेरा तुमच्यापासून लपवत होता. इथे आवाज सगळं सांगतो आणि तेच भीतिदायक आहे. शत्रू कुठे आहे ते माहीत असूनही कपाटाचं कुलूप उघडण्यासाठी उभं राहावं लागतं.

दुसरी गोष्ट, नेम. जागेवर स्थिर उभं राहिलं की नेमाचं वर्तुळ आवळत जातं आणि गोळी जास्त परिणाम करते. हललात की ते पसरतं. म्हणजे झोंबी जवळ येत असताना न हलण्याचं बक्षीस मिळतं. प्लेस्टेशन ५ च्या कंट्रोलरचा घोडा बोटाला विरोधही करतो. रायफल रेंजवर उस्ताद काय सांगायचे? श्वास आवर, घोडा झटक्याने ओढू नकोस, हळू दाब. खेळातलं शस्त्र अर्थातच खेळण्यातलं आहे, पण शिकवण तीच.

आता नवख्यांसाठी काही कामाच्या सूचना.

सुरुवातीला तीन पातळ्या विचारतात. हाताची चपळाई कमी झालेल्या आपल्यासारख्यांनी ‘असिस्टेड’ निवडायला काहीच हरकत नाही. तिथे नेम धरायला मदत मिळते आणि तब्येत काही प्रमाणात आपोआप सुधारते. ‘स्टँडर्ड’ ही मधली पातळी. ‘हार्डकोअर’मध्ये रिबन परत येते आणि जुन्या खेळाची खरी चव कळते, पण ती दुसऱ्या फेरीसाठी ठेवा.

नकाशा वारंवार उघडा. ज्या खोलीत काही घ्यायचं राहिलंय ती लाल दिसते, पूर्ण झालेली निळी होते. रेकी न करता हल्ला करायचा नाही हा नियम इथेही लागू.

प्रत्येक झोंबीला मारायचा आग्रह सोडा. पायावर गोळी घालून त्याला खाली पाडलं आणि पुढे निघालात तरी काम झालं. लाकडी फळ्या मिळाल्या की आपली ये-जा जिथे जास्त आहे तिथल्या खिडक्या आधी बंद करा. जीभ लांब असलेला, भिंतींवर चढणारा ‘लिकर’ नावाचा प्राणी आंधळा आहे, पण त्याचे कान तिखट. त्याच्या शेजारून सावकाश चालत गेलात तर तो काही करत नाही. तिथे धावणं म्हणजे आमंत्रण.

हिरवा पाला जखम थोडी भरतो. हिरव्यात लाल मिसळला की पूर्ण भरतो. निळा विषावर. लाल एकटा निरुपयोगी. दोन पाले एकत्र केले की सामानाची एक जागाही वाचते, म्हणून मिसळायला फार उशीर करू नका.

एका बैठकीला तासाभरापेक्षा जास्त नको. थकलेला माणूस वाईट निर्णय घेतो. सातवा भाग डोळ्यांतून दिसणारा असल्यामुळे काहींना गरगरतं. तसं झालं तर लगेच थांबा. संवाद इंग्रजीत आहेत, खाली इंग्रजी अक्षरं येतील अशी सोय चालू ठेवा. आणि आजी-आजोबांना विशेष सांगणं : हे खेळ अठरा वर्षांखालच्यांसाठी नाहीत. डब्यावर तसं छापलेलं असतं. नातवाने हट्ट केला म्हणून वाढदिवसाला आणून देऊ नका.

आता शेवटचा आणि माझ्या दृष्टीने महत्त्वाचा मुद्दा. “आता तरी बंदूक सोडा” म्हणणाऱ्यांचं काय?

त्यांचा प्रश्न हलका नाही. फौजेत पहिला धडा असतो तो गोळी कधी झाडायची नाही याचा. समोर कोण आहे हे ओळखल्याशिवाय बोट घोड्यावर जात नाही. झोंबीच्या खेळात ही ओळख खेळानेच आधी करून ठेवलेली असते. समोरचा माणूस आता माणूस नाही, झाड गोळी. ही सोय धोक्याची आहे. पाचव्या भागाची झलक २००७ मध्ये आली, तेव्हा आफ्रिकेतल्या गावात गोरा नायक काळ्या गावकऱ्यांवर गोळ्या झाडताना दिसला आणि त्यावर जोरदार टीका झाली. ती टीका मला रास्त वाटते. कोणाला ‘आता माणूस नाही’ म्हणायचं हे ठरवणारा हात कोणाचा, हे विचारलंच पाहिजे.

पण याच मालिकेत त्याचं उत्तरही आहे. पहिल्या वाड्यात एका नोकराची रोजनिशी सापडते. प्रयोगशाळेतल्या प्राण्यांची देखभाल करणारा माणूस. आधी पत्त्यांच्या डावाच्या गप्पा, मग अंगाला खाज सुटल्याची तक्रार, मग ताप, मग वाक्यं तुटत जातात आणि शेवटी दोनच शब्द उरतात. वाचून खाली ठेवता, तोवर त्याच खोलीतल्या कपाटातून एक झोंबी बाहेर येतो. आता गोळी झाडताना तुम्हाला माहीत आहे तो कोण होता. दुसऱ्या भागात वर्दीतले झोंबी त्या ठाण्याचेच शिपाई आहेत. त्यांच्या चिठ्ठ्या, त्यांचे ड्युटीचे तक्ते टेबलांवर पडलेत. त्यांचा वरिष्ठ अंब्रेलाचे पैसे खाऊन बसला होता, म्हणून ते मेले. तुम्ही ज्यांना मारता ते या कथेतले गुन्हेगार नाहीत, बळी आहेत. कागद न वाचता नुसता गोळ्या झाडणारा खेळाडू अर्धा खेळ खेळतो.

आणि खरी भीती? रात्रीच्या गस्तीत अंधारात फांदी मोडल्याचा आवाज आला की छातीत काय होतं ते मला माहीत आहे. हेडफोनमधून मिस्टर एक्सची पावलं ऐकू आली की शरीर जवळजवळ तसंच वागतं. तोंड कोरडं पडतं, बोटं आखडतात, नजर अरुंद होते. शरीराला खरं-खोटं पटकन कळत नाही. फरक दुसरीकडे आहे. खेळात मी गोळ्या मोजतो. तिकडे परत आल्यावर माणसं मोजायचो, आणि मोजणी पूर्ण होईपर्यंत पाण्याचा घोट उतरत नसे. तो हिशेब चुकला तर शेवटच्या टाइपरायटरपासून पुन्हा सुरू करता येत नाही. म्हणून हा खेळ खेळून शौर्य येतं किंवा युद्ध कळतं असं कोणी तरुण म्हणाला, तर त्याला मी स्पष्ट नाही म्हणून सांगतो.

मग काय मिळतं? छाती धडधडत असताना डोकं चालू ठेवण्याचा सराव. भीती वाटणं हा दोष नाही, भीती वाटल्यावर मोजणं बंद होणं हा दोष आहे. वयाच्या या टप्प्यावर आपल्यालाही भीती असतेच. तपासणीचा रिपोर्ट हातात येईपर्यंतची, रात्री अकरानंतर वाजणाऱ्या फोनची, जोडीदाराच्या जिन्यावरच्या घसरत्या पावलाची. तिथे झोंबी नसतात, पण प्रश्न तेच असतात. आपल्याजवळ काय आहे, वाट कोणती, आत्ता काय खर्च करायचं आणि काय राखून ठेवायचं. त्या वेळी मन सैरावैरा न धावता हे चार प्रश्न विचारू शकलं, तर पुष्कळ झालं.

ज्यांना खेळायचं आहे त्यांनी दिवा लावून सुरुवात करा, दिवा घालवायची घाई नको. ज्यांना नाही खेळायचं, त्यांनी घरात कोणी खेळत असेल तर अर्धा तास शेजारी बसून बघा आणि मध्येच विचारा, “गोळ्या किती उरल्या?” उत्तर तयार असेल तर समजा, पोरगा खेळ नीट खेळतोय.

पुढच्या भागात भेटू. जय हिंद.